डावीकडच्या बिजागऱ्या

१

सकाळी उठलो की घरातली चारही दारं मी एकदा हलवून बघतो. पन्नास वर्षं लोकांकडे दारं बसवायचं काम केलं, ती खोड काही जात नाही. दार हलकं फिरलं, कुरकुरलं नाही, की दिवस बरा जाणार असं आपलं वाटतं. मग दूध तापवायचं, हिला उठवायचं, तोंड धुवायला कोमट पाणी द्यायचं आणि खिडकीशी उन्हात बसवायचं.

ही म्हणजे माझी बायको. दोन वर्षांपासून तिचं आठवणं सुटत चाललंय. सगळंच गेलं असं नाही. शेंगा सोलता येतात, गुंडी लावता येते, दूध वर आलेलं तिला वासावरून माझ्याआधी कळतं. पण मी कोण आणि हे घर कुणाचं, तेवढं पुसलं गेलं. मी तक्रार करत नाही. पंचेचाळीस वर्षं तिनं माझं केलं, आता माझी पाळी आहे. पाळी यायला मी धडधाकट राहिलो, हेच पुष्कळ.

अडचण दुपारी चारची. चार वाजले की ती दोन कपड्यांचं गाठोडं बांधायची आणि मला म्हणायची, चला, आता मला घरी सोडा. आधी मी तिला गल्लीला वळसा घालून परत आणायचो आणि म्हणायचो, आलं बघ घर. काही दिवस चाललं ते. पुढे पुढे ती उंबऱ्यातूनच मान हलवायची. हे नव्हे, म्हणायची. आत आली तरी स्वयंपाकघराच्या दारापाशी अडायची. उजवीकडे, बिजागऱ्यांच्या अंगाला हात लावून ढकलत राहायची आणि दार हलेना की माझ्याकडे असं बघायची, जसं काही मीच आतून धरून ठेवलंय.

मागच्या महिन्यात मी अंघोळीला गेलो तेवढ्यात ती बाहेर पडली. तीन तासांनी बस स्टॉपवर सापडली, अनवाणी. दवाखान्यातल्या एका नर्सबाईंनी ओळखून रिक्षात घालून आणली. त्या बाईंचं भलं होवो.

मुलाला कळलं. तो दूर नोकरीला असतो. त्यानं फोनवर शांतपणे सांगितलं की एक चांगली संस्था बघितली आहे, आईला तिथे ठेवू, महिनाअखेरच्या रविवारी मी न्यायला येतो. मी नको म्हटलं. तो म्हणाला, "बाबा, उद्या तुम्हालाच काही झालं तर आईकडे कोण बघणार?"

त्याचं चुकलं होतं असं नाही.

२

त्याच आठवड्यात नात आली, मुलीची मुलगी. लहानपणी एका जागी बसायची नाही म्हणून आम्ही तिला खार म्हणतो. ती सिनेमा बनवायचं शिकते. तिला आमच्या घरात चार दिवस चित्रण करायचं होतं. मी म्हटलं, आम्हा दोघांचा सिनेमा कोण बघणार गं? तर म्हणाली, आजोबा, तुम्ही त्यात नाहीच. कुणीच नाही. नुसतं घर.

मग तिनं मला समजावून सांगितलं. कॅमेरा एका जागी ठेवायचा आणि एकच खोली दहा मिनिटं दाखवायची. गोष्ट नाही, गाणं नाही, माणूस नाही. मी म्हटलं, म्हणजे पातेल्याकडे बघत बसायचं आणि दूध काही उतू जायचं नाही. ती खूप हसली. मग म्हणाली, "रोजची खोली असते ना आजोबा, ती आपण कधी बघतच नाही. खूप वेळ बघत बसलं की ती आपली राहत नाही. तिचं तिचं काहीतरी चाललेलं असतं असं वाटायला लागतं."

जिला लहानपणी मिनिटभर धरून ठेवता यायचं नाही, ती आता न हलणाऱ्या वस्तूंचे सिनेमे काढते. देवाघरचा हिशेब न्यारा.

तिनं कॅमेरा मधल्या खोलीत उभा केला, तोंड स्वयंपाकघराकडे. दार अर्धं उघडं ठेवलं. मग आम्हा तिघांना बाहेर पायरीवर काढलं, म्हणजे ती स्वतःही आली, कारण श्वासाचा आवाजसुद्धा नको होता. पुढचं दार ओढून घेतलं. आम्ही मटार सोलत बसलो. घरात कोणी नव्हतं. हे मी परत सांगतो, कारण पुढे मला स्वतःलाच ते पुष्कळदा सांगावं लागलं. घरात कोणी नव्हतं.

३

जाण्याआधी खारीनं ते सगळं एका पेनड्राइव्हवर घालून टीव्हीच्या पाठीमागे खोचून दिलं. बटण कुठलं दाबायचं ते दाखवलं. पडदा ओढून आम्ही तिघं बसलो.

टीव्हीवर आमचं स्वयंपाकघर आलं. मधल्या खोलीची भिंत, भिंतीवरचं कॅलेंडर, मग चौकट, अर्धं उघडं दार आणि फटीतून ओट्याचं टोक, गॅस, त्यावर पातेलं. नळ थेंबथेंब गळत होता. बस. मी मनात म्हटलं, हा वायसर बदलायला हवा. पाच मिनिटं झाली, सात झाली. मी खरं सांगतो, मला ते बघवेना. रोज ज्या खोलीत मी चहा करतो तिच्याकडे असं लांबून टक लावून बघताना वाटायला लागलं, की आपण कुणाच्या तरी घरात न विचारता डोकावतोय आणि आता आतून कुणीतरी विचारणार, काय पाहिजे.

तेवढ्यात ही माझा हात धरून म्हणाली, "हे माझं घर."

दोन वर्षांत हे शब्द मी ऐकले नव्हते. खार रडायला लागली. मीही तोंड फिरवलं. हिनं मात्र डोळे टीव्हीवरून काढले नाहीत. संपलं तर म्हणाली, परत लावा.

दुसऱ्या दिवसापासून आमचं ठरलं. चार वाजले की गाठोड्याऐवजी टीव्ही. दहा मिनिटं ती बघायची, शेवटी एक मोठा श्वास सोडायची, बाहेरून दमून घरी आल्यावर सोडतो तसा, आणि मग संध्याकाळभर दाराकडे ढुंकूनही बघायची नाही. मी नातीला मनातल्या मनात किती आशीर्वाद दिले, त्याला गणती नाही.

४

पाचव्या दिवशी गॅस दिसला नाही.

म्हणजे असं. दाराच्या फटीतून ओट्याचं टोक आणि गॅस दिसायचा, तो दिसेना. त्या जागी स्टुलाचा एक पाय दिसत होता आणि भिंतीचा कोपरा. स्टूल आमचं ओट्याच्या समोरच्या अंगाला असतं. मी चष्मा पुसला. मग दाराकडे नीट बघितलं, जे मी आधीच करायला हवं होतं. बिजागऱ्या डावीकडे होत्या.

आमच्या दाराला बिजागऱ्या उजवीकडे आहेत. मी बसवल्यात.

मी विचार केला, चित्र उलटं झालं असेल, आरशात दिसतं तसं. पण कॅलेंडरवरचे आकडे सुलट होते. कॅलेंडरही आपल्या जागी होतं. सगळं जिथल्या तिथे, फक्त दार तेवढं दुसऱ्या अंगानं फिरलेलं. उठून खऱ्या दाराला हात लावून आलो. उजवीकडे.

खारीला फोन केला. तिनं तिच्याकडची फिल्म उघडून बघितली. म्हणाली, उजवीकडेच आहेत की आजोबा, आणि गॅसही दिसतोय. तुमच्याकडे वेगळं कसं दिसेल, तीच तर आहे. मग डोळे तपासून घ्या म्हणाली, मी येते तेव्हा नेते तुम्हाला. गुणी पोर आहे.

फोन ठेवला आणि मला आठवलं.

लग्न होऊन आम्ही या घरात आलो तेव्हा स्वयंपाकघराला दार नव्हतं. एका गिऱ्हाइकानं नाकारलेलं दार माझ्याकडे पडून होतं, डाव्या अंगाला बिजागऱ्यांसाठी खाचा पाडलेलं. मी तेच लावलं. दुसऱ्यांच्या घरी दार कुठल्या अंगानं उघडलं म्हणजे बाईच्या हाताला लागणार नाही, हे मी दहादा विचारायचो. आपल्या घरी विचारलं नाही. ओटा डावीकडे. मी दार ढकललं की ते तिच्या कोपरावर आपटायचं. तीन वर्षं ती काही बोलली नाही. मग एक दिवस कोपर पुढे करून काळानिळा डाग दाखवला आणि म्हणाली, जगाची दारं नीट लावता, जरा हेही घर गिऱ्हाइकाचं आहे असं समजा. दुसऱ्या दिवशी मी बिजागऱ्या उजवीकडे घेतल्या. डावीकडच्या खाचांत लाकडाच्या चिपा बसवल्या, वर रंग दिला. मुलं तेव्हा जन्मलीही नव्हती. फोटो कुठला असायला. हे जगात दोघांनाच ठाऊक, आणि त्यातली एक ते विसरलेली.

की तेवढंच विसरली नव्हती? उजवीकडून दार ढकलत उभी राहायची, ती कुठल्या घरात जायला बघत होती हे मला त्या दिवशी कळलं.

५

मी शिकलेला नाही, पण कामाचा माणूस आहे. जे दिसतं ते मापून बघावं. मी टीव्हीच्या काचेवर, दाराची कड येते तिथे, चिकटपट्टीची बारीक उभी पट्टी लावली.

दुसऱ्या दिवशी चारला दाराची कड पट्टीच्या आत एक बोट गेली होती. तिसऱ्या दिवशी दोन बोटं. फट वाढत होती. आता अर्ध्याहून जास्त स्टूल दिसत होतं.

चौकट ओळंब्यात, म्हणजे सरळ उभी, नसली तर दार आपोआप फिरतं, हे खरं. पण मग ते सरळ जाऊन भिंतीला टेकतं. रोज एकेक बोट उघडणारं दार मी आयुष्यात बघितलेलं नाही. तसं दार फक्त माणूस उघडतो, आणि तेही बाहेर कोण आहे हे आधी बघायचं असेल तर.

आवाजही वाढले. नळ तर होताच. आता मधूनच भांडं ठेवल्याचा आवाज, मग ओल्या फरशीवर पाऊल उचलल्याचा. मी हिच्याकडे बघितलं तर ती हलकेच मान डोलवत होती. एकदा म्हणाली, "गॅस बारीक कर गं." आणि जरा वेळानं, कुणी काही सांगितल्यासारखं, हसली.

मला भीती वाटली. एकदा मी अंगणातून तिला हाक मारली, ती परसात होती, आणि ओ आली ती मधल्या खोलीतून. टीव्ही बंद होता. परसातून तिचा आवाज आलाच नाही. जाऊन बघितलं तर ती कपडे वाळत घालत होती, म्हणाली, तुम्ही हाक मारलीत का?

त्या दिवशी मी पेनड्राइव्ह काढून डब्यात ठेवला. चार वाजले. तिनं टीव्हीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि उठून गाठोडं बांधलं. फाटकापाशी तिला धरून ठेवताना ती लहान मुलीसारखी रडत होती, मला घरी जाऊ द्या म्हणून. शेजारी बघायला आले. रविवार आठ दिवसांवर आला होता.

मी पेनड्राइव्ह परत लावला. भीती माझी होती, घर तिचं होतं.

६

मग मी ठरवलं, टीव्हीतलं घर तिला हवं असेल तर खऱ्याला तसं करावं. माझ्या हातातलं ते एकच काम.

शुक्रवारी सकाळी हत्यारं काढली. दार उतरवलं. एकट्यानं उतरवताना पाठीत कळ आली, पण उतरलं. डावीकडच्या चौकटीवरचा रंग खरवडला, चिपांच्या कडा सापडल्या. पटाशी लावली. चव्वेचाळीस वर्षं बुजवलेली खाच, आत काळपट लाकूड आणि धूळ निघणार असं धरून चाललो होतो. चिपा हाताला लागताच निघाल्या. आतलं लाकूड पिवळंधमक होतं. ताज्या सागाचा वास आला. भोकांत स्क्रू घातले तर ते बोटांनी फिरले, कुणी कालच काढून ठेवल्यासारखे.

मी काही वेळ गुडघ्यावर तसाच बसून राहिलो. मग दार बसवलं. बसवायचं तर होतंच.

ही आली. नेहमीसारखा उजवीकडे हात लावून ढकललं. दार उघडलं. ती आत गेली, जणू काही कधी अडलीच नव्हती. डबे न शोधता साखर काढली, चहा टाकला. दोन वर्षांत तिनं गॅसला हात लावला नव्हता. मी दारात उभा राहून बघत होतो आणि देवाला काय म्हणावं ते सुचत नव्हतं.

तिनं कप आणून माझ्या हातात दिला. माझ्या कपड्यांवरचा भुसा बघितला, हत्यारांची पेटी बघितली, आणि मऊ आवाजात म्हणाली, "दार छान फिरतंय हो. आमच्या ह्यांना दाखवते, ते स्वतः सुतार आहेत. येतीलच आता. चहा घ्या आणि दिवस आहे तोवर घरी जा. तुमची कुणी वाट बघत असेल."

मी चहा घेतला. चांगला झाला होता. कप तिच्या हातात दिला, येतो म्हटलं, पेटी उचलली आणि बाहेर पडलो. दुसरं काय करणार. पायरीवर दहा मिनिटं बसलो. मग कपडे झटकून दार वाजवलं.

तिनं उघडलं. तोंडभर हसली. "आलात? उशीर केलात आज," म्हणाली. "सुतार येऊन गेला."

माणसाला याहून जास्त काय पाहिजे? दोन वर्षांनी माझ्या बायकोनं मला ओळखलं. सुताराला घालवून का होईना.

७

रविवारी मुलगा आला. गाडीत आईची बॅग ठेवायला जागा करून आला होता. त्यानं बघितलं ते असं, की आई स्वयंपाकघरात उभी आहे, चहा गाळते आहे, गुणगुणते आहे. त्यानं तिला विचारलं, आई, माझ्याबरोबर येतेस का? ती म्हणाली, बाळा, मी माझं घर टाकून कुठे येऊ? त्याला ओळखून म्हणाली की पाहुणा समजून, ते कळलं नाही. पण तो तिथेच स्टुलावर बसला आणि कितीतरी वेळ कपात बघत राहिला.

चार वाजता त्यानं आमच्याबरोबर फिल्म बघितली. संपत आली तेवढ्यात फोन आला म्हणून उठला. जाताना सहज म्हणाला, "खारीनं छान काढलंय. पण ती तर म्हणत होती माणूस एकही नाही. बाबा, हे तुम्हीच ना पाठमोरे?"

मी टीव्हीकडे बघितलं. दार आता पुरतं उघडं होतं. स्टुलावर एक खांदा होता, अर्धाच, बाकीचा चौकटीआड. सदऱ्याच्या बाहीवर भुसा. ओट्याकडून एक हात आला, कप घेऊन. कोपर काळंनिळं होतं. तो हात खांद्यावर जरासा टेकला आणि चित्र संपलं.

मुलाला मी हो म्हटलं. खोटं होतं की खरं, मला सांगता यायचं नाही.

तो आईला न घेता परत गेला. निघताना माझ्या पाया पडला आणि म्हणाला, तुमच्या दोघांचं चाललंय तोवर चालू दे. पुढचं पुढे बघू. त्याचे उपकार आहेत माझ्यावर. बापाचं ऐकायला मन मोठं लागतं.

८

तेव्हापासून असंच चाललंय. चारला चहा, सुतार म्हणून निरोप, दहा मिनिटं पायरी, मग दार वाजवायचं आणि नवरा म्हणून आत यायचं. रोज ती मला नव्यानं घरात घेते. अशी चैन कुणाच्या नशिबात असते?

परवा पायरीवर बसलो होतो, तर आत बोलणं ऐकू आलं. मला वाटलं टीव्ही. पण टीव्ही मी बंद करून आलो होतो. ती काहीतरी सांगत होती, सावकाश, पूर्ण वाक्यं, मध्ये न अडखळता. मधूनमधून कुणीतरी हं, हं करत होतं. मी उठून दार वाजवलं.

आत शांत झालं. तिनं विचारलं, कोण आहे?

"तू बस," एक माणूस म्हणाला. "मी बघतो."

आवाज माझा होता. मला हल्ली दम लागतो, तो त्यात नव्हता.

पावलं दारापर्यंत आली आणि थांबली. दाराखालच्या फटीतला उजेड दोन ठिकाणी तुटला. दाराच्या पलीकडे कुणी उभं असलं की ते मला न बघता कळतं, माझं आयुष्यच त्यात गेलंय. आमच्यात दीड इंच लाकूड होतं. मी पळायला हवं होतं, शेजाऱ्यांना बोलवायला हवं होतं. पण आईकडे कोण बघणार, हे मुलानं फोनवर विचारलेलं एक वाक्य रात्रंदिवस माझ्या छातीवर बसलेलं, ते त्या क्षणी कुणीतरी अलगद उचलल्यासारखं झालं.

मी दाराला तोंड लावून हळू म्हटलं, "तिला सकाळची गोळी दुधातून देऊ नका. ओकते."

मग आतून, तितक्याच हळू, आलं, "माहीत आहे."

उजेड परत सलग झाला. कडी निघाली. दारात ती एकटीच होती. आलात, म्हणाली, उशीर केलात. मी आत गेलो. टेबलावर दोन कप होते, दोन्ही उष्टे, दोन्ही कोमट. मी ते विसळून ठेवले.

मी अठ्ठ्याहत्तरचा आहे. मला जे दिलं गेलं ते मागून मिळणारं नव्हतं, त्यामुळे कुणी दिलं हे मी विचारत नाही. फक्त आता दार वाजवण्याआधी मी पायरीवर जरा मोठ्यानं खाकरतो, आणि मग थोडा थांबतो. आत असेल त्याला उठायला वेळ मिळावा.